चौथ्या पटावरचा खेळाडू : भारताच्या बुद्धिबळ संघाची गोष्ट

ज्यांनी एपिसोड ऐकलाय त्यांच्यासाठी ही उजळणी, आणि ज्यांचा इअरफोन ऐन गर्दीत हरवला त्यांच्यासाठी हा लिखित अवतार. बोलताना जिथे अडखळलो ते गाळलंय, बाकी बहुतेक तसंच ठेवलंय. आजचा विषय बुद्धिबळ. घाबरू नका, एकही चाल पाठ करायची नाहीये.

सुरुवात एका यादीपासून करू. सप्टेंबर २०२४, हंगेरीची राजधानी बुडापेस्ट, ४५वी बुद्धिबळ ऑलिंपियाड. भारताचा खुल्या गटातला संघ असा : पहिल्या पटावर डी. गुकेश, दुसऱ्यावर आर. प्रज्ञानंद, तिसऱ्यावर अर्जुन एरिगैसी, चौथ्यावर आपल्या नाशिकचा विदित गुजराथी, आणि राखीव खेळाडू पेंटला हरिकृष्ण. आता गंमत बघा. त्या महिन्यात भारतात सगळ्यात जास्त रेटिंग कुणाचं होतं? गुकेशचं नाही, प्रज्ञानंदचंही नाही. अर्जुनचं! म्हणजे देशातला कागदावरचा एक नंबरचा खेळाडू तिसऱ्या पटावर बसला होता.

हे आमच्या ऑफिसात करून बघा. टीममधल्या सगळ्यात भारी डेव्हलपरला सांगा, "क्लायंटसमोर दुसरा कुणीतरी बोलेल, तू मागे बसून तिसरं मॉड्यूल सांभाळ." संध्याकाळपर्यंत त्याचा रेझ्युमे बाजारात फिरत असेल. अर्जुननं काय केलं? ११ डावांत १० गुण काढले. तिसऱ्या पटाचं वैयक्तिक सुवर्ण त्याला मिळालं आणि संघाचं सुवर्ण देशाला.

मला आज याच खुर्च्यांबद्दल बोलायचंय. बुद्धिबळ म्हटलं की डोळ्यांसमोर एकटा माणूस येतो, हनुवटीवर हात, समोर घड्याळ. भारतात तर बुद्धिबळ म्हणजे कित्येक वर्षं एकच नाव होतं, विश्वनाथन आनंद. १९८८ साली तो ग्रँडमास्टर झाला, पुढे पाच वेळा जगज्जेता. मग प्रश्न असा की ज्या देशाकडे आनंद होता, त्या देशाला ऑलिंपियाडचं पहिलं सुवर्ण मिळायला २०२४ का उजाडावं लागलं?

उत्तरासाठी जरा मागे जावं लागेल. आधी नियम दोन मिनिटांत सांगतो.

ऑलिंपियाड ही देशांच्या संघांची स्पर्धा. पहिली अधिकृत ऑलिंपियाड १९२७ साली लंडनला झाली, महिलांची पहिली १९५७ साली नेदरलँड्समधल्या एमेन गावात. प्रत्येक फेरीत देशाविरुद्ध देश. चार पट मांडायचे, आमचा पहिला तुमच्या पहिल्याशी, आमचा चौथा तुमच्या चौथ्याशी. पाचवा राखीव. जिंकलात तर एक गुण, बरोबरी झाली तर अर्धा. आणि पहिल्या पटावरचा एक गुण आणि चौथ्या पटावरचा एक गुण, दोन्हींची किंमत अगदी सारखी. जगज्जेत्याला हरवा नाहीतर चौथ्या पटावरच्या कॉलेजच्या पोराला हरवा, फळ्यावर '१' असंच लिहिलं जातं. हे वाक्य लक्षात ठेवा, आजची अख्खी गोष्ट त्यावर उभी आहे.

आता एक विचित्र सत्य. ऑलिंपियाडमध्ये पहिल्या पटावर खेळणारा आपल्या मातीतला पहिला मोठा खेळाडू भारतासाठी खेळलाच नाही. मीर सुलतान खान. पंजाबातला, आज ते गाव पाकिस्तानात आहे. सर उमर हयात खान नावाच्या मोठ्या जमीनदाराच्या पदरी तो होता. लहानपणी शिकला देशी बुद्धिबळ, ज्यात प्यादं पहिल्या चालीलाही एकच घर पुढे जातं. पाश्चात्त्य नियम त्याला मोठेपणी शिकावे लागले. मालकानं त्याला इंग्लंडला नेलं. १९२९, १९३२ आणि १९३३ अशी तीन वेळा त्यानं ब्रिटिश अजिंक्यपद जिंकलं, हेस्टिंग्जच्या स्पर्धेत कापाब्लांकासारख्या माजी जगज्जेत्याला हरवलं. आणि १९३०, १९३१, १९३३ या तीन ऑलिंपियाडमध्ये तो पहिल्या पटावर बसला, इंग्लंडच्या संघाकडून! मग मालक मायदेशी परतला, त्याच्याबरोबर सुलतान खानही, आणि मोठ्या स्पर्धांमधून तो नाहीसाच झाला. फिडे म्हणजे जागतिक बुद्धिबळ महासंघ. त्यांनी त्याला ग्रँडमास्टर हा मानाचा किताब दिला तो २०२४ साली, तो गेल्यानंतर कित्येक दशकांनी.

मला या गोष्टीत सगळ्यात जास्त काय टोचतं सांगू? प्रतिभा कमी नव्हती. तिच्या शेजारी बसायला स्वतःच्या देशाचे आणखी तीन जण नव्हते, आणि ते तिघं तयार करणारी व्यवस्थाही नव्हती.

ती व्यवस्था हळूहळू आली. १९५१ साली अखिल भारतीय बुद्धिबळ महासंघ स्थापन झाला. १९५५ साली आंध्रातल्या एलुरूला पहिलं राष्ट्रीय अजिंक्यपद झालं, त्यात महाराष्ट्राचे रामचंद्र सप्रे आणि आंध्रचे डी. वेंकय्या हे संयुक्त विजेते. १९५६ साली मॉस्कोला भारताचा संघ पहिल्यांदा ऑलिंपियाडमध्ये उतरला. तेव्हा आपल्याकडे ग्रँडमास्टर सोडा, आंतरराष्ट्रीय मास्टरसुद्धा एकही नव्हता. समोर सोव्हिएत संघ. हे प्रकरण काय होतं त्याचा अंदाज घ्या. १९५२ ते १९९० या काळात सोव्हिएत संघ १९ ऑलिंपियाड खेळला आणि त्यांतल्या १८ जिंकला. एकदाच, १९७८ साली, हंगेरीनं त्यांना मागे टाकलं.

आपला पहिला आंतरराष्ट्रीय मास्टर मॅन्युएल अ‍ॅरन, १९६१ साली. नऊ वेळा राष्ट्रीय विजेता. १९६०, ६२, ६४ या तीन ऑलिंपियाडमध्ये तो पहिल्या पटावर. १९६२ च्या स्टॉकहोम आंतरविभागीय स्पर्धेत त्यानं पोर्टिश आणि उलमान या दोन दादा माणसांना हरवलं. त्याच अ‍ॅरनच्या पुढाकारानं मद्रासच्या सोव्हिएत सांस्कृतिक केंद्रात ताल यांच्या नावानं बुद्धिबळ क्लब उभा राहिला, आणि त्या क्लबात पुढे एक चुणचुणीत मुलगा येऊ लागला, आनंद. म्हणजे एका पहिल्या पटानं दुसरा पहिला पट घडवला. पण उरलेले पट?

इथे जरा मुंबईत येऊ, कारण महिलांच्या बाजूला या प्रश्नाचं उत्तर एका घरानं दिलं होतं. 'नवाकाळ'चे संपादक नीळकंठ खाडिलकर यांच्या तीन मुली : वासंती, जयश्री आणि रोहिणी. १९७४ साली महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली, ती वासंतीनं जिंकली. त्यानंतर कितीतरी वर्षं विजेतेपद या बहिणींमध्येच फिरत राहिलं. तिघीही ऑलिंपियाड खेळल्या. १९७६ साली तेरा वर्षांची रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळायला बसली. हरलेल्या काही पुरुषांना ते सहन झालं नाही, तक्रारी झाल्या, प्रकरण थेट फिडेपर्यंत गेलं. तेव्हा फिडेचे अध्यक्ष होते माजी जगज्जेते मॅक्स युवे. त्यांनी निकाल दिला की स्त्रियांना राष्ट्रीय आणि आंतरराष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धांपासून रोखता येणार नाही. १९८१ साली हैदराबादला रोहिणी आशियाई विजेतीही झाली. तिकडे सांगलीतून भाग्यश्री साठे आली, मग स्वाती घाटे. पण देशाचा संघ एका घरावर किंवा एका गावावर किती दिवस चालणार? पाया रुंद व्हायला हवा होता.

पाया किती अरुंद होता त्याचा आकडाच सांगतो. पहिला भारतीय ग्रँडमास्टर आनंद, १९८८. दुसरा कोलकात्याचा दिब्येंदू बरुआ, १९९१. तिसरा मुंबईचे प्रवीण ठिपसे, १९९७. पहिल्यापासून तिसऱ्यापर्यंत नऊ वर्षं! सोव्हिएत संघाकडे तेवढे ग्रँडमास्टर राखीव म्हणून घरी बसत असतील. आपल्याकडे चौथा पट भरायचा म्हणजे शोधाशोध.

त्यामुळे आनंद असताना काय व्हायचं? पहिल्या पटावर तो बहुतेक कुणालाही पुरून उरायचा, आणि मागे संघ धडपडायचा. २००४ च्या कॅल्व्हिया ऑलिंपियाडमध्ये भारत सहावा आला, तोवरची ती मोठी झेप होती. मग २००६, ट्युरिन. आनंद, कृष्णन शशिकिरण, हरिकृष्ण असा तगडा संघ, दुसरं मानांकन. अख्ख्या देशाला वाटलं आता पदक घरी येणार. शेवटी पहिल्या वीस संघांतही आपण नव्हतो. सुवर्ण कुणी जिंकलं? आर्मेनियानं. लोकसंख्या साधारण तीस लाख, आपल्याकडे तेवढी एखाद्या जिल्ह्याची असते. २००८ आणि २०१२ सालीही तेच जिंकले. त्यांच्याकडेही लेव्हॉन अरोनियन नावाचा एक तारा होता. पण त्यांचे मागचे पट पडत नव्हते.

आता माझी स्वतःची गोष्ट सांगतो, नाहीतर तुम्ही म्हणाल हा नुसता आकडे वाचून दाखवतोय.

इंजिनिअरिंगला तिसऱ्या वर्षाला मी कॉलेजच्या बुद्धिबळ संघात होतो. चौथा पट. मला ते फार लागलं होतं. शाळेत मी तालुक्यात पहिला आलेलो, आणि इथे चौथा! आमचा कॅप्टन लातूरचा होता, आम्ही सगळे त्याला दादाच म्हणायचो. त्यानं यादी लावली तेव्हा मी त्याच्याशी दोन दिवस नीट बोललो नव्हतो.

आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेची उपांत्य फेरी. आमचे तीन डाव संपले होते, दोन जिंकलेले, एक हरलेला. २–१. माझा एकट्याचा डाव चालू. समोरच्या मुलानं मान वर केली आणि विचारलं, "ड्रॉ घेतोस का?" गणित दुसरीतल्या पोरालाही जमेल असं होतं. अर्धा गुण, अडीच विरुद्ध दीड, आम्ही अंतिम फेरीत. संघाच्या स्पर्धेत असा प्रस्ताव आला की कॅप्टनला "घेऊ का?" एवढं विचारायची मुभा असते. दादा माझ्या मागेच उभा होता. मी मागे वळून बघितलंसुद्धा नाही. माझ्याकडे एक प्यादं जास्त होतं. मला दाखवायचं होतं की मी चौथा नाहीये.

अर्ध्या तासानं माझा हत्ती गेला. २–२. सरस गुणांवर आम्ही बाहेर.

दादा काही बोलला नाही. बाहेर टपरीवर त्यानं पाच चहा सांगितले, पहिला ग्लास माझ्या हातात दिला आणि परतीच्या गाडीचं विचारायला निघून गेला. त्यानं शिव्या घातल्या असत्या तर बरं झालं असतं असं मला आजही वाटतं.

असो. इतिहासाकडे परत. माझ्या डावासारखाच नियम ऑलिंपियाडमध्ये २००८ साली आला. त्याआधी काय होतं की सगळ्या पटांवरच्या गुणांची बेरीज करायचे. दुबळ्या संघाला ४–० धुतलं की भरपूर कमाई. २००८ च्या ड्रेस्डेन ऑलिंपियाडपासून हिशोब बदलला : सामना जिंकला तर २ गुण, बरोबरी १, हार शून्य. म्हणजे ४–० जिंका किंवा अडीच-दीड जिंका, मिळणार दोनच. आमच्या भाषेत सांगायचं तर सिस्टिम नेमकं काय मोजते तेच बदललं. त्याच वर्षी महिलांचे पटही तीनाचे चार झाले. आता चौथ्या पटावरचा एक चिवट अर्धा गुण म्हणजे अख्खा सामना, असे प्रसंग वाढले.

आणि मग २०१४. नॉर्वेतलं ट्रोम्सो. आनंद त्या वर्षी जगज्जेतेपदाच्या लढतीची तयारी करत होता, तो नाही. हरिकृष्ण नाही. संघ होता परिमार्जन नेगी, सेतुरामन, शशिकिरण, अधिबन आणि ललित बाबू. मानांकन एकोणिसावं. कुणी दखलही घेतली नव्हती. शेवटच्या फेरीत त्यांनी उझबेकिस्तानला साडेतीन-अर्धा असं हरवलं आणि कांस्यपदक गळ्यात घालून घरी आले. खुल्या गटातलं भारताचं पहिलं ऑलिंपियाड पदक, आणि तेही आनंदशिवाय! त्याच ट्रोम्सोत महिलांच्या संघातली पद्मिनी राऊत राखीव पटाची सुवर्णविजेती ठरली. राखीव, म्हणजे यादीतली पाचवी.

आनंदला कमी लेखायचा विचार माझ्या मनातही नाही. उलट त्याच्यामुळेच हा पाया रुंद झाला. १९९० नंतर घराघरांत आईबापांनी पोरांच्या हातात पट दिला तो त्याचं नाव पेपरात वाचूनच. २००२ साली कोनेरू हंपी ग्रँडमास्टर झाली, भारतातली पहिली महिला. २०१९ साली गुकेश बारा वर्षांचा असताना ग्रँडमास्टर झाला तेव्हा तो देशातला ५९वा होता. २०२४ पर्यंत आकडा ८० च्या वर गेला. पेरणी आनंदची, पण पीक यायला एक पिढी जावी लागली. आता चौथ्या पटासाठी शोधाशोध नव्हती, रांग होती.

पुढचा थांबा ऑगस्ट २०२०. तुम्हाला आठवत असेल, सगळं बंद. मी नोकरीला नुकताच लागलेलो, गावी पत्र्याखाली बसून लॅपटॉपवर काम. ऑलिंपियाड त्या वर्षी ऑनलाइन झाली. सहा पट : दोन पुरुष, दोन महिला, एक मुलगा, एक मुलगी. कर्णधार विदित. उपांत्य फेरीत पोलंडविरुद्ध सगळं एका निर्णायक डावावर आलं आणि तो हंपीनं काढला. अंतिम सामना रशियाशी. पहिली लढत ३–३. दुसऱ्या लढतीत निहाल सरीन आणि नागपूरची चौदा वर्षांची दिव्या देशमुख यांचं कनेक्शन तुटलं. त्या दिवशी इंटरनेटचा एक मोठा खांबच जगभर डगमगला होता. घड्याळ चालू राहिलं, वेळ संपली, दोन्ही डाव गेले. भारतानं दाद मागितली आणि फिडेचे अध्यक्ष द्वोर्कोविच यांनी दोन्ही देशांना संयुक्त सुवर्ण जाहीर केलं.

आता खरं सांगायचं तर दुसरी बाजूही सांगायला हवी. त्याच स्पर्धेत उपांत्यपूर्व फेरीत आपल्याविरुद्ध आर्मेनियाच्या खेळाडूचं कनेक्शन गेलं होतं. त्यांनीही दाद मागितली, ती फेटाळली गेली, आणि चिडून त्यांनी स्पर्धाच सोडली. ज्यानं कधी रात्री दोन वाजता पडलेला सर्व्हर उभा केलाय त्याला कळेल, अशा वेळी न्याय नेमका कशाला म्हणायचा हे ठरवणं किती अवघड असतं. सुवर्ण मिळालं, आनंदही त्या संघात होता, पण मनात एक खुट्टी राहिली. समोरासमोर बसून मिळवलेलं सुवर्ण अजून बाकी होतं.

२०२२ ला ती संधी दारात आली. युद्धामुळे ऑलिंपियाड मॉस्कोतून हलली आणि चेन्नईजवळ मामल्लपुरमला आली. यजमान म्हणून आपले जास्तीचे संघ. महिलांचा पहिला संघ अव्वल मानांकित : हंपी, द्रोणवल्ली हरिका, आर. वैशाली, तानिया सचदेव आणि गोव्याची भक्ती कुलकर्णी. कर्णधार पुण्याचे ग्रँडमास्टर अभिजित कुंटे. हरिका तेव्हा नऊ महिन्यांची गरोदर होती. डॉक्टरांच्या सल्ल्यानं, पोटातलं बाळ सांभाळत ती पटावर बसत होती. शेवटच्या फेरीपर्यंत संघ एकटाच आघाडीवर. शेवटच्या फेरीत अमेरिकेविरुद्ध १–३. सुवर्ण युक्रेनला, रौप्य जॉर्जियाला, आपल्याला कांस्य. महिलांचं ते पहिलं ऑलिंपियाड पदक, पण त्या दिवशीचे त्यांचे चेहरे पदक जिंकल्यासारखे नव्हते.

खुल्या गटात आपल्या दुसऱ्या संघानं, म्हणजे पोरांच्या संघानं, धुमाकूळ घातला होता. गुकेश, निहाल, प्रज्ञानंद, अधिबन आणि नागपूरचा रौनक साधवानी. सोळा वर्षांच्या गुकेशनं पहिले आठच्या आठ डाव जिंकले. दहाव्या फेरीत समोर उझबेकिस्तान, पहिल्या पटावर अब्दुसत्तोरोव. गुकेशची बाजू भक्कम होती, तो जिंकण्यासाठी झगडत राहिला, घड्याळ संपत आलं, आणि हातून मोठी चूक झाली. डाव गेला, सामना २–२. नुसती बरोबरी झाली असती तरी भारत अडीच-दीड जिंकला असता. उझबेकिस्ताननं सुवर्ण नेलं, पोरांना कांस्य.

तो सामना मी मोबाइलवर बघत होतो. तो हरल्यावर खुर्चीतच बसून राहिला होता. मला त्या क्षणी टपरीवरचा चहा आठवला. माझी आणि त्याची तुलना नाही, कबूल. तो जगातल्या मोठ्यांशी झुंजत होता आणि मी हट्ट करत होतो. पण २–२ हा आकडा तोच होता.

आता दोन वर्षं पुढे, परत बुडापेस्ट. खुल्या गटाचे कर्णधार श्रीनाथ नारायणन. पटांचा क्रम लावताना रेटिंगच्या मागे न जाता कुणाला कुठे बसवलं तर संघ जास्त मजबूत होतो, हा विचार झाला. गुकेश पहिला, अर्जुन तिसरा. सातव्या फेरीत चीन, अडीच-दीड. नवव्या फेरीत परत तेच उझबेकिस्तान, २–२. दहाव्या फेरीत अमेरिका : प्रज्ञानंद हरला, पण गुकेशनं कारुआनाला आणि अर्जुननं डोमिंगेझला हरवलं, विदितनं अरोनियनला बरोबरीत रोखलं. अडीच-दीड! बघितलंत? एक पट पडला आणि बाकीच्या तिघांनी छत धरून ठेवलं. अख्ख्या स्पर्धेत भारतानं ४४ डावांत एवढा एकच डाव गमावला. २२ पैकी २१ सामना-गुण.

महिलांचा रस्ता जास्त खडतर होता. हंपी या वेळी नव्हती. हरिका, वैशाली, दिव्या, वंतिका अग्रवाल, तानिया. कर्णधार पुन्हा कुंटे. आठव्या फेरीत पोलंडकडून हार. चेन्नईची भुतं परत आली असं वाटलं. नवव्या फेरीत समोर कोण? अमेरिका. वैशाली हरली. आणि यादीत चौथ्या क्रमांकावर असलेल्या वंतिकानं, घड्याळात वेळ उरलेला नसताना, इरिना क्रशला हरवून सामना २–२ वर आणला. दहाव्या फेरीत चीनविरुद्ध दिव्याचा एक विजय आणि बाकी बरोबरी, अडीच-दीड. शेवटची फेरी, २२ सप्टेंबर. भारत आणि कझाकस्तान बरोबरीत. अझरबैजानविरुद्ध हरिका जिंकली, दिव्या जिंकली, वंतिका जिंकली, वैशालीची बरोबरी. साडेतीन-अर्धा. तिकडे कझाकस्तानचा सामना बरोबरीत सुटला. दोन्ही गटांत सुवर्ण! एकाच ऑलिंपियाडमध्ये हे करणारा, सोव्हिएत संघ आणि चीननंतर, भारत तिसरा देश.

हरिका २००४ पासून देशाच्या संघात खेळत होती. सुवर्ण गळ्यात पडायला तिला वीस वर्षं लागली. कुंटे २००० साली ग्रँडमास्टर झाले, खेळाडू म्हणून ऑलिंपियाड खेळले, तेव्हा पदक नव्हतं. ते आलं दुसऱ्यांच्या मागे उभं राहून.

वैयक्तिक सुवर्णं कुणाला मिळाली ते बघा : गुकेश पहिल्या पटावर, अर्जुन तिसऱ्या, दिव्या तिसऱ्या, वंतिका चौथ्या. चारांतली तीन मागच्या पटांवरची. त्याच डिसेंबरात गुकेश सिंगापूरला जगज्जेता झाला, २०२५ च्या जुलैत दिव्यानं महिलांचा विश्वचषक जिंकला, अंतिम लढतीत हंपीला हरवून. दोघंही आता एकेकट्याच्या फोटोत दिसतात. चांगलंच आहे. पण मला दोघं बुडापेस्टमधली जास्त आठवतात.

तर सुरुवातीच्या प्रश्नाचं माझं उत्तर असं. आनंद असताना सुवर्ण का नाही? कारण एका माणसाला जास्तीत जास्त एकच गुण मिळवता येतो. तो कितीही मोठा असला तरी दोन नाही मिळवू शकत. उरलेले तीन गुण देशाला तयार करावे लागतात, क्लबांत, सांगली-नागपूर-चेन्नईच्या खोल्यांत, आणि तिसऱ्या पटावर बसायला तयार असणाऱ्या एक नंबरच्या माणसात.

हा एपिसोड रेकॉर्ड करायच्या आधी मी दादाला फोन केला. तो आता पुण्यात आहे, एक मुलगी आहे, चार वर्षांची. विचारलं, "दादा, तेव्हा मी ड्रॉ घ्यायला हवा होता ना?" तो हसला. म्हणाला, "तुला चौथ्या पटावर का ठेवलं होतं माहितीये? तिसऱ्यापर्यंत आम्ही हरलो तर शेवटी सामना वाचवणारा कुणीतरी लागतो म्हणून." मग जरा थांबून म्हणाला, "आणि हो, घ्यायलाच हवा होता, येड्या."

सात वर्षं लागली त्याला ती शिवी द्यायला. फार बरं वाटलं.

चला, भेटू पुढच्या एपिसोडला. तुमच्या टीममधला चौथ्या पटावरचा माणूस कोण, ते आम्हाला नक्की कळवा. आणि त्याला एक चहा पाजा.